तीस सेकंदांची शांतता

ॲरिझोनातल्या त्या गावाचं नाव लिहितात आजो, म्हणतात आहो.
पहिले दोन दिवस वाटायचं,
कोणाची तरी बायको नवऱ्याला हाक मारतेय.
गावाच्या दक्षिणेला अकरा रात्री
आम्ही वाटसरू मारले.
बजेट एवढंच, की गाडी एकच:
तीच बंद पडायची, तीच पाठलाग करायची,
नंबरप्लेट तेवढी बदलायची.

मारणारा हार्लन. दिवसा शाळेची बस चालवतो,
गुडघा धरलेला, म्हणून पाठलाग चालतच.
दिग्दर्शक म्हणे, न पळणारा खुनी जास्त भीतिदायक.
रक्त मक्याच्या पाकाचं. पहाटे त्याला मुंग्या लागत,
आणि मेलेली ब्रियाना निपचित पडून
ओठ न हलवता मुंग्यांना शिव्या देई.
त्या शिव्या फक्त मला ऐकू येत.

माझं काम आवाजाचं.
लांब काठी, टोकाला माइक, माइकवर केसाळ टोपडं.
मेलेलं मांजर म्हणतात त्याला.
आईला फोनवर सांगितलं, तर म्हणाली, शिव शिव,
आणि मग, पैसे तरी वेळेवर देतात ना?

सीन संपला की एक काम उरतं:
त्या जागेची नुसती शांतता भरून घ्यायची, तीस सेकंद.
संवादांमधल्या फटी बुजवायला लागते ती,
भिंतीला लांबी लागते तशी.

नवव्या रात्री जनरेटर बंद केला.
बॅटरीवरचा एक दिवा.
हार्लन उगारलेली कुऱ्हाड तशीच धरून,
ब्रियाना गुडघ्यांवर,
मेकअपवाल्या टोबायसच्या तोंडात पिना.
मी हात वर केला.

चार सेकंद: काही नाही.
सात: झुडपातून वारा.
नऊ: पावलं.

आमची नव्हती. आमच्या सगळ्यांची मला पाठ होती.
ही खडीवर जपून पडणारी, तिघाचौघांची,
त्यात एक लहान, मोठ्यांच्या दोन पावलांत तीन टाकणारं.
बाराव्या सेकंदाला ती थांबली.
आम्ही गप्प झालो म्हणून थांबली.

चाहूल.
शब्द आठवला तो असा, एकटाच,
आणि सांगायला जवळ कोणी नाही.

मग मी आम्हाला तिकडून पाहिलं:
उजेडाचं एक डबकं,
मुखवट्यातला माणूस, कुऱ्हाड,
गुडघ्यांवर बसलेली रक्ताने माखलेली मुलगी,
आणि भोवती उभी माणसं,
जी काहीच करत नाहीत.

एक खोकला. अर्ध्यातच कोणाच्या तरी तळहाताखाली गेला.

तीस झाले. चाळीस.
दिग्दर्शकाच्या भुवया.
मी म्हणाले, मध्ये विमान आलं,
बॅटरीही उतरतेय, जनरेटर लावा, नंतर पुन्हा घेऊ.
विमान नव्हतं.
लांब टेकडीवर गस्तीच्या गाडीचा दिवा फिरत होता,
त्या रात्रीचा आम्ही न लावलेला एकच दिवा.
जनरेटर धडधडू लागला. त्या आवाजाच्या आडून
किती पावलं निघून जातात, ठाऊक नाही.
पाण्याचा क्रेट मी पायाने ढकलत
उजेडाबाहेर नेला. हाक मारली नाही.
हाक कोणत्या भाषेत मारली असती तर
ती घाबरली नसती?

सकाळी पाच बाटल्या कमी.
हार्लन म्हणाला, दोन मी प्यायलो.
ब्रियानाला आठवेना.
दिग्दर्शक म्हणाला, पाण्याचे पैसे कोणाच्या नावावर लावू?
माझ्या, म्हणाले.

पिक्चर टूसॉनला एका शुक्रवारी रात्री लागला.
आम्ही धरून सतरा जण.
लोक योग्य जागी दचकले, दोनदा हसले,
हार्लनच्या लंगडण्याला टाळी पडली.
त्या सीनखाली मी सहाव्या रात्रीची शांतता लावली आहे.
कोणाला कळलं नाही, कळायचं कारण नाही.

नवव्या रात्रीची फाइल माझ्याकडे आहे, नाव: विमान.
कधी भांडी घासताना लावते.
बाराव्या सेकंदाला ती थांबतात,
आणि मीही, नळ बंद करून,
हातातलं पातेलं खाली न ठेवता.